मोटारीचे मागचे शॉकअप घरी बदलताना

मोटारीच्या मागच्या चाकाच्या आतल्या बाजूला, स्प्रिंगजवळ, मनगटाएवढी जाड काळी नळी उभी किंवा किंचित तिरपी बसवलेली असते. तिचे खालचे टोक आडव्या बोल्टने एक्सलला जोडलेले असते. वरच्या टोकातून बोटाएवढा चकचकीत दांडा निघतो आणि गाडीच्या सांगाड्याला अडकतो. गॅरेजात हिला शॉकअप म्हणतात, पाठ्यपुस्तकात धक्काशोषक. दोन्ही नावे थोडी फसवी आहेत. खड्ड्याचा धक्का घेतात ते टायर आणि स्प्रिंग. गाडीचे वजनही स्प्रिंगच पेलते. मात्र दबलेली स्प्रिंग सुटली की झोक्यासारखी खालीवर होत राहते. तो झोका एक-दोन हेलकाव्यांत शांत करणे हे शॉकअपचे काम. भौतिकशास्त्रात याला अवमंदन म्हणतात. वजन त्याच्यावर नसते म्हणूनच मागचा शॉकअप घरच्या अंगणात साध्या पान्यांनी काढता येतो. पण चाक हवेत असताना एक्सल फार खाली लोंबू नये म्हणून तिला अडवून धरणाराही तोच असतो. कामातले बहुतेक नियम या दोन गोष्टींतून निघतात.

बैलबंडीला स्प्रिंगही नसते आणि शॉकअपही नसतो. ताशी चार-पाच किलोमीटरच्या चालीत ते निभते. टांग्याला कमानपाटे आले. पाट्यांची पाने एकमेकांवर घासतात आणि त्या घर्षणानेच हेलकावे बऱ्यापैकी विरतात. मोटारीचा वेग वाढला तसे हे घर्षण अपुरे पडले. विसाव्या शतकाच्या आरंभी फ्रान्समध्ये एकमेकींवर दाबलेल्या चकत्यांचे घर्षण वापरणारे शॉकअप निघाले, आणि त्याच दशकात मॉरिस हूदाय याने तेलावर चालणारी रचना पुढे आणली. दुर्बिणीसारखी लांब-आखूड होणारी आजची नळी त्यानंतर रुळली. भारतात या धंद्याचे एक जुने घर महाराष्ट्रातच आहे: १९६१ मध्ये मुंबईत मुलुंडला सुरू झालेली गॅब्रिएल इंडिया, जिचे कारखाने पुढे नाशिक आणि चाकणलाही उभे राहिले.

नळीच्या पोटात आणखी एक नळी असते. आतली नळी तेलाने भरलेली असते आणि तिच्यात दांड्याच्या टोकाला बसवलेला दट्ट्या सरकतो. दट्ट्याला बारीक छिद्रे असतात आणि छिद्रांवर पातळ पोलादी चकत्यांची झडप. चाक उसळले की दट्ट्या तेलातून ढकलला जातो, तेल त्या छिद्रांतून पिळून निघते आणि उसळीतली ऊर्जा उष्णतेत बदलते. खराब रस्त्यावरून आलेल्या गाडीचा शॉकअप हाताला गरम लागतो तो यामुळे, आणि मागचे दोन्ही शॉकअप सारखे गरम नसतील तर थंड राहिलेला काम करत नसावा, हा अंदाजही त्यावरूनच बांधता येतो. बाहेरच्या नळीत जादा तेल आणि त्याच्यावर थोडा वायू, आजकाल बहुधा नायट्रोजन, साठवलेला असतो. दांडा आत ढकलायला जेवढे बळ लागते त्याच्या साधारण दोन-तीन पट बळ तो बाहेर ओढायला लागते. ही रचना मुद्दाम केलेली असते. खड्ड्याच्या काठावर आपटलेले चाक वर जाताना फार अडवले तर सगळा धक्का गाडीच्या अंगात शिरेल; म्हणून जाताना त्याला मोकळीक असते आणि दबलेली स्प्रिंग परत ताणू लागली की लगाम बसतो.

चालत्या गाडीत एकाच वेळी दोन वेगवेगळे हेलकावे चालू असतात. गाडीचे अंग स्प्रिंगवर सेकंदाला साधारण एक ते दीड वेळा डुलते. त्याच्या खाली चाक आणि एक्सल, टायरच्या हवेवर, सेकंदाला दहा-बारा वेळा थरथरतात. पहिला हेलकावा पोटात ढवळून सांगतो की काहीतरी बिघडले आहे. दुसरा कोणाला जाणवतही नाही, आणि धोका त्याच्यातच आहे. ताशी ८० किलोमीटर वेगाने गाडी सेकंदाला २२ मीटर जाते. चाक सेकंदाला दहा वेळा थरथरत असेल तर दर सव्वादोन मीटरला एक थरथर होते, आणि शॉकअप मेलेला असेल तर प्रत्येक थरथरीत क्षणभर टायरचा दाब रस्त्यावरून उठतो. त्या क्षणी ब्रेक लावला तर हवेतल्या चाकाला लावल्यासारखे होते. म्हणून शॉकअप हा आरामाचा भाग मानून तो बदलणे पुढे ढकलणे चुकीचे आहे. ब्रेक, टायर आणि स्टिअरिंग यांच्या पंक्तीतच त्याला बसवायला हवे.

अकोल्यात आणि एकूण वऱ्हाडात शॉकअपला विश्रांती कमी मिळते, याचे मोठे कारण जमिनीत आहे. बेसाल्ट खडक झिजून झालेली इथली काळी कापसाची माती मॉन्टमोरिलोनाइट गटातल्या चिकणमातीने भरलेली असते. या मातीचे सूक्ष्म थर पाणी शोषून फुगतात आणि उन्हाळ्यात सुकून आक्रसतात. शेतात मे महिन्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि मृगाच्या पावसाने त्या बुजतात, हे वऱ्हाडात लहान मुलांनाही ठाऊक असते. रस्त्याच्या खाली हीच माती असेल तर रस्ताही तिच्याबरोबर श्वास घेतो. डांबराखालचा मधला भाग वर्षभर साधारण सारख्याच ओलाव्याचा राहतो, कडा मात्र पावसाळ्यात फुगतात आणि उन्हाळ्यात खचतात. त्यामुळे कडेला समांतर लांब भेगा पडतात, पृष्ठभागावर लाटा उठतात, आणि नवा दिसणारा रस्ताही दोन-चार पावसाळ्यांत डोलू लागतो. ताशी ६० किलोमीटर वेगाने जाणाऱ्या गाडीखाली अशा लाटा बारा-तेरा मीटरच्या अंतराने आल्या तर त्यांचा ताल गाडीच्या स्वतःच्या झोक्याशी जुळतो. झोक्याला वेळेवर धक्का देत राहिले की तो उंच जातो, तसे गाडीचे मागचे अंग प्रत्येक लाटेला अधिक उसळते. अशा वेळी शॉकअप धड असेल तर तालाला खीळ बसते. झिजलेला असेल तर मागच्या बाकावरच्या माणसाचे डोके छताला लागते.

अमरावती ते अकोला या राष्ट्रीय महामार्ग ५३ च्या पट्ट्यावर जून २०२२ मध्ये १०५ तास ३३ मिनिटांत सलग ७५ किलोमीटर लांबीची एका पदराची डांबरी मार्गिका अंथरण्यात आली आणि गिनीज बुकात तिची नोंद झाली. अशा रस्त्यावर शॉकअपला फारसे काम नसते. पण शहरातून महामार्गापर्यंत आणि महामार्गावरून गावापर्यंत पोचताना गतिरोधक, नाल्यांवरचे उंचवटे आणि शेवटी पांदण रस्ता लागतो. इंडियन रोड्स काँग्रेसच्या मार्गदर्शक तत्त्वांप्रमाणे गतिरोधक ३.७ मीटर रुंद आणि फक्त १० सेंटिमीटर उंच, १७ मीटर त्रिज्येच्या वळणाचा असावा. त्यावरून ताशी २५ किलोमीटरने गाडी अलगद जाते. गल्लोगल्ली दिसणारा हातभर रुंदीचा, उभ्या काठाचा उंचवटा या मापात कुठेच बसत नाही, आणि शॉकअपच्या झडपांना सर्वांत तीव्र झटके त्याचेच बसतात. त्यात हंगामात डिकीत तुरीचे किंवा सोयाबीनचे कट्टे, मागच्या बाकावर तीन माणसे आणि शेगावची किंवा चिखलदऱ्याची फेरी. असे भरले की मागची स्प्रिंग आधीच दबलेली असते आणि शॉकअपचा दट्ट्या तळाजवळ काम करतो.

उन्हाचा दोष मात्र वाटतो तेवढा नाही. अकोल्याचा पारा मेमध्ये ४५ अंशांच्या पुढे जातो हे खरे, पण काम करताना शॉकअपचे तेल त्याहून कितीतरी जास्त तापते आणि ते त्यासाठीच बनवलेले असते. उन्हाने मरतात ते दोन्ही टोकांचे रबरी बुश. ते आधी कडक होतात, मग तडकतात, आणि गाडीतून टक-टक असा आवाज येऊ लागतो. पूर्णा नदीच्या दोन्ही बाजूंच्या खारपाणपट्ट्यात आणखी एक गोष्ट घडते: तिथला खारट मातीचा चिखल गाडीच्या पोटाला चिकटून सुकतो आणि खालचा बोल्ट बुशाच्या नळीत गंजून घट्ट बसतो. घरी काम करणाऱ्याचा निम्मा वेळ याच बोल्टवर जातो.

शॉकअप एका दिवसात मरत नाही. तो महिन्यामहिन्याने ढिला पडतो आणि चालवणारा नकळत सवय करून घेतो, म्हणून लक्षणे मुद्दाम शोधावी लागतात. पहिली तपासणी डोळ्यांची. नळीवर तेलाचा ओघळ आणि त्याला चिकटलेला धुळीचा जाड लेप दिसला तर सील गेले. वरच्या भागावर नुसता तेलकट दमटपणा असेल तर घाबरायचे कारण नाही. दांड्याबरोबर तेलाचा पातळ थर येणे नैसर्गिक आहे. दुसरी तपासणी हाताची. मागच्या टायरच्या नक्षीवरून तळवा फिरवला आणि लाटांसारखे खोलगट चट्टे लागले तर चाक बराच काळ नाचत आले आहे. तिसरी सगळ्यांना माहीत असलेली: डिकीचा कोपरा जोराने दाबून सोडायचा. गाडी वर येऊन एका हेलकाव्यात थांबली तर ठीक, दोन-तीन वेळा डोलली तर शॉकअप गेला. मात्र ही चाचणी पूर्ण मेलेला शॉकअपच पकडते. अर्धा झिजलेला त्यात सहज पास होतो, कारण हाताने दाबलेल्या गाडीचा वेग खड्ड्यातल्या चाकाच्या वेगाच्या जवळपासही नसतो. त्यापेक्षा ओळखीच्या वळणावर, ओळखीच्या गतिरोधकावर मागचे अंग कसे वागते ते ध्यानात ठेवणे अधिक खात्रीचे. वळणावरच्या खड्ड्यात मागची बाजू बाहेर सरकली, किंवा उंचवट्यानंतर मागून ‘धप्प’ असा बसका आवाज आला, की खाली वाकून बघायची वेळ झाली असे समजावे. नेहमीच्या वापरात साधारण ८०,००० किलोमीटरनंतर शॉकअप काळजीपूर्वक तपासून घ्यावेत असे उत्पादक सांगतात. पांदणीवर रोज जाणाऱ्या गाडीत ही तपासणी बरीच आधी सुरू करावी. आवाजाच्या बाबतीत मात्र आधी डिकीतला जॅक, पान्याची पिशवी आणि जादा चाक घट्ट बसवले आहे का ते पाहावे. कित्येकदा शॉकअप समजून ज्याला दोष दिला जातो तो सैल पडलेला जॅक निघतो.

सगळ्याच गाड्यांचे शॉकअप घरी बदलण्याजोगे नसतात. पुढच्या चाकांचा प्रश्नच नको. आजच्या बहुतेक मोटारींत पुढे शॉकअपभोवतीच स्प्रिंग गुंडाळलेली असते आणि ती काही क्विंटल वजनाच्या दाबाखाली असते. विशेष हत्याराने स्प्रिंग आवळून धरल्याशिवाय वरचा नट सोडला तर ती तोफेच्या गोळ्यासारखी सुटते. हात, जबडा, जीव, काहीही जाऊ शकते. ते काम गॅरेजातच व्हावे. मागच्या बाजूला मात्र स्विफ्टसारख्या लहान मोटारींत स्प्रिंग वेगळी आणि शॉकअप वेगळा असतो. बोलेरोत, जुन्या अॅम्बॅसॅडरमध्ये, पद्मिनीत किंवा ओम्नीत मागे कमानपाटे, आणि शॉकअप त्यांच्यापासून स्वतंत्र. हे काम घरी होते. काही मोटारींत मागेही स्प्रिंग शॉकअपवरच बसवलेली असते. खाली वाकून पाहताना स्प्रिंग नळीभोवती गुंडाळलेली दिसली तर तिथेच थांबावे.

नवे शॉकअप घेताना गाडीचे मॉडेल, सन आणि पेट्रोल-डिझेल-सीएनजी हा प्रकार दुकानदाराला सांगावा. सीएनजीची टाकी मागे असते. तिच्या वजनासाठी काही गाड्यांत स्प्रिंग आणि शॉकअपची निवड वेगळी असते. शॉकअप नेहमी जोडीने बदलावेत. एका बाजूला नवा आणि दुसऱ्या बाजूला जुना ठेवला तर उंचवट्यावर गाडीचे एक अंग लवकर सावरते, दुसरे उशिरा, आणि वळणावर ती वाकडी डोलते. जोडीबरोबरच वरचे रबरी बुश, वायसर, नवे नट आणि दांड्यावरचा रबरी ठोकळाही घ्यावा. जुना ठोकळा बहुधा हातात चुरा होऊन येतो. तेल बदलून, सील टाकून ‘रिपेअर’ केलेले शॉकअप स्वस्त मिळतात, पण झडपेच्या चकत्या झिजलेल्याच राहतात आणि वायूचा दाब पुन्हा भरलेला नसतो. ज्या भागावर ब्रेक अवलंबून आहे तिथे अशी काटकसर करू नये.

हत्यारे फार लागत नाहीत. रिंग पाने आणि गोट्यांचा संच, त्यातही १४, १७ आणि १९ ही मापे. रॅचेट आणि लांब दांड्याचा हँडल. तारेचा ब्रश, गंज सोडवणारा स्प्रे, हातोडी, तांब्याचा किंवा लाकडाचा ठोकळा, चांगला जॅक आणि शक्य असेल तर दुसरा छोटा जॅक. टॉर्क पाना मिळाला तर उत्तम. आणि या यादीत ज्याशिवाय कामाला हातच लावू नये ती वस्तू म्हणजे दोन पोलादी घोड्या. डिकीतला जॅक चाक बदलण्यापुरता असतो, तो कलंडतो. विटांची चवड तर त्याहून घातक, कारण वीट आधी सूचना देत नाही, भाराखाली एकदम फुटते. गाडीच्या वजनाखाली मान घालताना खाली घोडीच हवी.

जागा सपाट आणि कठीण असावी. काळ्या मातीच्या अंगणात जॅक उन्हाळ्यात भेगेत कलतो आणि पावसाळ्यात रुततो. मुरूम टाकलेले अंगणही पूर्ण भरवशाचे नाही. काँक्रीटचा पोर्च सर्वांत चांगला. शहाबादी फरशी खालून पोकळ असेल तर जॅकखाली तडकते, म्हणून तिच्यावर जाड फळी टाकून भार पसरवावा. काम दिवाळी ते संक्रांतीच्या दिवसांत, सकाळी सुरू करावे. मे महिन्यात दहा वाजल्यानंतर पाने हातात धरवत नाहीत. आदल्या रात्री खालचे बोल्ट आणि वरचे नट तारेच्या ब्रशने घासून त्यांवर गंज सोडवणारा स्प्रे मारून ठेवला तर दुसऱ्या दिवसाचा तासभर वाचतो.

गाडी उभी करताना एक चूक हमखास होते. हँडब्रेक ओढला की गाडी धरली असे वाटते; पण बहुतेक मोटारींत हँडब्रेक मागच्या चाकांना लागतो आणि या कामात तीच चाके हवेत जाणार असतात. पुढच्या चाकांवर चालणारी मोटार पहिल्या गिअरमध्ये ठेवली तर इंजिन पुढची चाके धरते. बोलेरोसारख्या मागच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीत गिअरनेही पुढची चाके अडत नाहीत. म्हणून गाडी कोणतीही असो, पुढच्या दोन्ही चाकांच्या पुढे आणि मागे लाकडी पाचरी किंवा मोठे दगड घट्ट बसवल्याशिवाय जॅकला हात लावू नये.

मागच्या चाकांचे नट गाडी जमिनीवर असतानाच अर्धा फेरा सैल करावेत. मग गाडी उचलून, उत्पादकाने ठरवून दिलेल्या जागी सांगाड्याखाली दोन्ही बाजूंना घोड्या लावाव्यात, जॅक हळूच उतरवून वजन घोड्यांवर सोडावे आणि गाडीला हाताने दोन-तीनदा हलवून पाहावे. हलली तर पुन्हा मांडणी करावी. चाके काढून गाडीच्या खाली आडवी सरकवून ठेवावीत. घोडी सरकलीच तर गाडी चाकावर टेकेल.

आता एका बाजूने सुरुवात. दोन्ही शॉकअप एकदम काढू नयेत. वर सांगितल्याप्रमाणे लोंबणाऱ्या एक्सलला शॉकअपच अडवतो. दोन्ही निघाले तर एक्सल खाली पडते, स्प्रिंग जागेवरून निसटते आणि ब्रेकचा रबरी पाइप व एबीएसची तार ताणली जाते. एक बाजू पूर्ण करून मगच दुसरी उघडावी. शिवाय दुसरी बाजू जशीच्या तशी असली की वायसर कोणत्या क्रमाने होते याचा नमुना समोर राहतो. मोबाइलवर दोन फोटोही काढून ठेवावेत. ज्या बाजूचे काम चालू आहे तिथे एक्सलखाली दुसरा जॅक लावून ती जेमतेम उचलली जाईल इतकाच आधार द्यावा. गाडी घोडीवरून उचलली जाता कामा नये.

शॉकअपचे वरचे टोक कुठे मिळते ते गाडीप्रमाणे बदलते. बऱ्याच लहान मोटारींत डिकीच्या बाजूचे प्लास्टिकचे आवरण किंवा रबरी टोपण काढले की दांड्याचे टोक आणि त्यावरचा नट दिसतो. इतर गाड्यांत वरचे टोकही आडव्या बोल्टनेच चाकाच्या कमानीत जोडलेले असते. दांड्याचा नट सोडताना दांडा नटाबरोबरच फिरू लागतो. तेव्हा दांड्याच्या टोकाला दिलेली सपाट खाच किंवा षटकोन छोट्या पान्याने धरून नट फिरवावा. चकचकीत दांड्याला पक्कड लावण्याचा मोह इथे होतो. जुना शॉकअप भंगारातच जाणार असल्याने त्याला लावली तरी बिघडत नाही, पण तीच सवय नव्याच्या बाबतीत महागात पडते: दांड्यावर एक ओरखडा पडला की तो प्रत्येक हेलकाव्यात सील कापत राहतो आणि महिन्याभरात तेल गळू लागते.

खालचा बोल्ट गंजला असेल तर घाई करू नये. स्प्रे, दहा मिनिटे थांबणे, आधी किंचित आवळणे, मग सोडवणे, पुन्हा स्प्रे. हँडलला पाइप लावून जोर वाढवता येतो, पण जोर स्वतःकडे ओढून लावावा आणि घोड्यांवरची गाडी ढकलली जाणार नाही इकडे लक्ष असावे. नट निघाला आणि बोल्ट बुशात अडकून राहिला तर नट दोन आटे परत चढवून त्यावर तांब्याचा किंवा लाकडाचा ठोकळा ठेवून ठोकावे, म्हणजे आटे चेपत नाहीत. आग लावून तापवणे हा गॅरेजातला उपाय घरी करू नये. जवळच पेट्रोलची टाकी आणि ब्रेकचे पाइप असतात. तासाभराच्या प्रयत्नानंतरही बोल्ट हलला नाही तर सगळे पुन्हा बसवून गाडी गॅरेजात नेणे हा शहाणपणाचा निर्णय आहे. त्यात कमीपणा काही नाही.

नवा शॉकअप खोक्यातून काढून लगेच बसवू नये. दुकानात तो महिनोन्‌महिने आडवा पडलेला असतो आणि बाहेरच्या नळीतला वायू आतल्या तेलात शिरलेला असतो. उभा धरून दांडा सावकाश पूर्ण दाबावा आणि पूर्ण ताणावा, असे चार-पाच वेळा. सुरुवातीला मध्येच पोकळ जागा लागते, मग हालचाल सलग आणि जड होते. तिथून पुढे त्याला उभाच ठेवावा. वायूच्या शॉकअपचा दांडा दाबून धरणारा पट्टा कापला की दांडा आपोआप बाहेर येतो, म्हणून तोंड त्याच्या रेषेत आणू नये.

बसवताना जुन्याचा क्रम पाळायचा: खालचा वायसर, बुश, गाडीचा पत्रा, वरचा बुश, वरचा वायसर, नट. वाटीसारख्या वायसरची खोलगट बाजू रबराकडे येते. खालचे छिद्र बोल्टच्या जागेशी जुळत नसेल तर एक्सलखालचा जॅक थोडा वर किंवा खाली घ्यावा, पहारीने ओढाताण करू नये. बोल्ट आधी होता त्याच दिशेने घालावा आणि नट पहिले चार-पाच आटे बोटांनीच चढवावा. बोटांनी चढत नसेल तर आटे वाकडे बसले आहेत. पाना लावला तर ते कापले जातील. वरचा नट रबर दाबले जाईपर्यंत आवळायचा, रबर फुगून वायसरच्या बाहेर येईपर्यंत नाही.

खालचा बोल्ट मात्र या वेळी फक्त हलका आवळून सोडावा. बुशातले रबर आतल्या पोलादी नळीला चिकटवलेले असते. एक्सल लोंबत असताना बोल्ट पूर्ण आवळला तर ती नळी त्याच कोनात पकडली जाते, आणि गाडी खाली उतरवताच रबर पिळले जाऊन कायम पिळलेलेच राहते. असे बुश काही महिन्यांत फाटतात आणि नव्या शॉकअपला दोष लागतो. दुसऱ्या बाजूचे काम याच क्रमाने करून, चाके चढवून, गाडी जमिनीवर उतरवल्यावर आणि डिकी दोन-तीनदा दाबून सोडल्यावर, पूर्ण वजन चाकांवर असताना खालचे बोल्ट अखेरचे आवळावेत. किती आवळायचे याचा आकडा प्रत्येक गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमध्ये असतो आणि तोच पाळावा. चाकांचे नट समोरासमोरच्या क्रमाने आवळावेत. लहान मोटारींत त्यांचा आकडा सहसा ८५ ते ११० न्यूटन-मीटरच्या दरम्यान असतो.

पहिली फेरी जवळचीच घ्यावी: एक ओळखीचा गतिरोधक, एक वळण, थोडा खडबडीत रस्ता. मागचे अंग एकदा दबून उठते आणि थांबते, एवढेच अनुभवायचे. नवे शॉकअप सुरुवातीला किंचित कडक वाटतात. जुन्याची सवय झालेली असते म्हणून तसे वाटते. टक-टक आवाज आला तर वरचा नट सैल आहे किंवा वायसर उलटा बसला आहे. शे-दीडशे किलोमीटरनंतर चारही जोड आणि चाकांचे नट पुन्हा एकदा पान्याने तपासावेत. टायरवर पडलेल्या लाटा नव्या शॉकअपने भरून येत नाहीत. त्यांचा घरघर आवाज टायर बदलेपर्यंत राहतो.

जुने शॉकअप भंगारवाल्याला द्यायचे तर जसेच्या तसे द्यावेत. वायूचा शॉकअप कापणे किंवा आगीत टाकणे धोक्याचे आहे, तो फुटू शकतो. गळालेले तेल जुन्या डब्यात गोळा करून गॅरेजातल्या वापरलेल्या ऑइलच्या पिंपात द्यावे आणि जमिनीवर सांडलेल्या थेंबांवर लाकडाचा भुसा टाकून तो झाडून घ्यावा. अकोल्यात अंगणातून हे तेल नालीत गेले की ते थेट मोर्णा नदीत पोचते.